ओर्तांसच्या लोण्यातलं ब्युटिरीन

इझिन्यीच्या बाजारात ओर्तांस लकाशोच्या लोण्यावर कुणी कधी शंका घेतली नव्हती. तिच्या स्वभावावर घेतली होती, जिभेवर घेतली होती. नवरा आर्सेन तिच्यासोबत इतकी वर्षं टिकला कसा, यावर तर अख्ख्या बाजारानं घेतली होती. लोण्यावर मात्र नाही. बुधवारी सकाळी बायका टोपल्या पुढ्यात घेऊन रांगेनं उभ्या राहत. व्यापारी पोकळ सळई लोण्याच्या गोळ्यात खुपसत, बाहेर काढून हुंगत, जिभेला लावत आणि थुंकत. ओर्तांसच्या गोळ्याचं लोणी ते थुंकत नसत. गिळत. एवढी एकच स्तुती तिनं आयुष्यात मनावर घेतली होती.

रांगेच्या दुसऱ्या टोकाला, नळाच्या बाजूला, झेफिरीन लकाशो उभी असे. ही तिची जाऊ, आर्सेनच्या मयत धाकट्या भावाची बायको. दोघींच्या शेतांमध्ये एकच कुंपण होतं. बाजार त्यांना मोठी लकाशो आणि धाकटी लकाशो म्हणे. त्या दोघी मात्र एकमेकींना काहीच म्हणत नसत.

त्यामागचं कारण सगळ्या गावाला ठाऊक होतं. घुसळण चालू असताना कुणी दूधघरात आलंच, तर त्यानं घुसळायच्या पिंपाच्या दांड्याला हात लावून दोन फेरे द्यायचे, मगच बाहेर पडायचं. हात न लावता जो जातो, तो लोणी घेऊन जातो. हे तिथलं शेंबडं पोरही सांगेल. फार वर्षांपूर्वी एका नोव्हेंबरात झेफिरीन मीठ मागायला दूधघराच्या दारात आली, मीठ घेतलं आणि तशीच गेली. त्या दिवशी पिंप संध्याकाळपर्यंत फिरत राहिलं. आत नुसता फेस. पुढचे कितीतरी दिवस तेच. मग एका रविवारी चर्चच्या पायऱ्यांवर, सगळ्यांच्या देखत, ओर्तांस कडाडली, "माझं लोणी हिच्या झग्याखालून गेलंय!"

त्यानंतर झेफिरीनला कुणीही आपल्या दूधघराचा उंबरा ओलांडू दिला नाही. तिचं लोणी चांगलं निघालं की बाया म्हणत, "निघणारच. कुणाकुणाचं आहे त्यात कोण जाणे." तिच्या लेकीचं, आर्मांसचं, लग्न ठरलेलं होतं. मुलाच्या आईनं निरोप धाडला की आमच्या घरात गाई आहेत, आम्हाला धोका परवडायचा नाही. आर्मांस शेरबुर्गला कुणाच्या तरी घरी कामाला गेली आणि तिकडचीच झाली.

तर अशा या बाजारात तो शब्द आला.

पॅरिसमध्ये मार्गारिन नावाची एक वस्तू निघाली होती. बैलाची चरबी वितळवून, दुधात घोळवून, पिवळी करून ती लोणी म्हणून खपवली जात होती. काही हुशार मंडळी ती चांगल्या लोण्यात मिसळायलाही लागली होती. गिऱ्हाईक बिथरलं. तेव्हा सगळ्यात मोठे व्यापारी मस्यू ओव्रे यांनी औषधांचं दुकान चालवणाऱ्या मस्यू पोतिएंना बाजारात आणून उभं केलं. सडपातळ, सर्दी झालेला, कायम मफलर गुंडाळलेला माणूस. हातात काचेच्या बाटल्या.

"यापुढे प्रत्येक गोळ्यातला थोडा तुकडा मस्यू पोतिए नेतील," ओव्रे म्हणाले. "त्यात ब्युटिरीन किती आहे ते बघतील."

"काय किती आहे?" ओर्तांसनं विचारलं.

"ब्युटिरीन, मादाम," पोतिए नाक पुसत म्हणाले. "लोण्यात पुष्कळ जातींच्या चरब्या असतात. त्यातली ही एक दुधाच्याच लोण्यात सापडते. बैलाच्या चरबीत नसते, तेलात नसते. ती भरपूर असली की लोणी खरं. कमी भरली की कुणीतरी भेसळ केलीय."

"ती दिसते?"

"नाही."

"चवीला लागते?"

"चांगल्या लोण्यात नाही. पण लोणी खवट झालं की जो वास नाकात घुसतो ना, तो तिचाच. ती फुटते तेव्हा येतो."

नळाच्या बाजूनं झेफिरीनचा आवाज आला, "म्हणजे खरेपणा कळायला आधी नासावं लागतं. आमच्या घराण्यात चालायचंच."

बाजार हसला. ओर्तांस हसली नाही.

महिन्याभरात तो शब्द गावात सगळ्यांच्या तोंडी बसला. खानावळीत लोक पेला उजेडात धरून म्हणत, "या सफरचंदाच्या दारूत ब्युटिरीन नाही बुवा." एखादं स्थळ सांगून आलं की, "मुलगा बरा आहे, पण ब्युटिरीन कमी." पाद्रीबाबांचं प्रवचन लांबलं तर मागच्या बाकावरून कुजबुज यायची, "सगळी बैलाची चरबी!" ओर्तांसला या थट्टेचं वावडं नव्हतं. आपल्या गोळ्याचा तुकडा ती स्वतःच कापून पोतिएंच्या हातावर ठेवायची आणि म्हणायची, "न्या. मोजा. आणि उरलं तर पावाला लावून खा, म्हणजे जरा अंग धरेल."

उन्हाळाभर तिचा गोळा सगळ्यांच्या वर निघाला. मग हिवाळ्याच्या तोंडावर, धुक्यानं भिजलेल्या एका बुधवारी, मस्यू ओव्रे तिच्यापुढे आले. सळई त्यांनी बाहेर काढलीच नाही. टोपली उचलली आणि रांगेतून बाजूला, भिंतीशी नेऊन ठेवली.

"हे काय?" ओर्तांस म्हणाली.

"तुमचं लोणी मी घेऊ शकत नाही, मादाम लकाशो."

"का? वास येतोय?"

"वास उत्तम आहे. ब्युटिरीन कमी आहे. मागच्या आठवड्यातही कमीच होतं, या आठवड्यात आणखी उतरलंय."

"मग तुमच्या बाटल्या धुवा."

"धुतल्यात, मादाम," पोतिए म्हणाले. "दोनदा पाहिलं."

"थोडक्यात तुम्ही मला काय म्हणताय?"

ओव्रे पुढच्या टोपलीकडे वळले. बाकी बाजारानं मात्र ते वाक्य मनात पुरं केलं. ओर्तांसच्या शेजारी उभी असलेली जाडी मेलानी, जिची टोपली वर्षानुवर्षं ओर्तांसच्या टोपलीला खेटून असायची, तिनं आपली टोपली पायानं हळूच पलीकडे सरकवली.

"मेलानी," ओर्तांस म्हणाली, "तुझ्या लोण्यात गेल्या वर्षी माशी निघाली होती. तेव्हा मी टोपली सरकवली होती का?"

"माशी माशी असते," मेलानी म्हणाली. "मार्गारिन मार्गारिन असतं."

ओर्तांसच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "माझ्या गाई या मुलखातल्या सगळ्यात चांगल्या कुरणात चरतात! बारा महिने उघड्यावर! छपराखाली एक रात्र काढली नाही त्यांनी कधी. आणि ही बघा धाकटी लकाशो. गाई गोठ्यात कोंडून त्यांना बीट खायला घालते, बीट! लोण्याला जमिनीचा वास मारतो. तिचं चालतं?"

"तिचं भरपूर भरतं," पोतिए म्हणाले. "बिटानं ते वाढतंच."

ओव्रेंनी हात वर केला. ते दुष्ट नव्हते. त्यांचं लोणी समुद्रापार जायचं, आणि तिकडचं गिऱ्हाईक एका खोट्या गोळ्यासाठी सगळा माल परत धाडायचं. "एक मार्ग आहे. मस्यू पोतिए तुमच्या कुरणात येतील. त्यांच्यासमोर दूध काढा, त्यांच्यासमोर घुसळा. त्या लोण्यातही ब्युटिरीन इतकंच भरलं, तर दोष गाईंचा, तुमचा नाही. पण मस्यू पोतिएंनी आयुष्यात पिंप फिरवलेलं नाही. तुम्ही त्यांच्या पाठीमागे चमचाभर काही सारलंत तर त्यांना कळणार नाही. तेव्हा लोणी कळणारी एक बाई साक्षीला हवी. आणि ती तुमची मैत्रीण नको."

"हिची मैत्रीण शोधायलाच वेळ लागला असता," मागून कुणीतरी म्हणालं.

"मी जाते," नळाकडून आवाज आला.

सगळ्या टोप्या एकदम तिकडे वळल्या. झेफिरीन टोपीच्या नाड्या घट्ट बांधत होती.

"तू?" ओर्तांस म्हणाली. "माझ्या दूधघरात?"

"नको असेल तर राहू दे, जाऊबाई. घरी जाऊन स्वतःचं लोणी स्वतः खा. भाऊजींना आवडतं."

*

सकाळी कुरणात दहिवर गोठून पांढरं झालं होतं. गाई एकमेकींना चिकटून कुडाच्या आडोशाला उभ्या होत्या, पाठीला बाक काढून. आर्सेन गाढवावर तांब्याच्या घागरी लादून आला, सगळ्यांना मान हलवून अभिवादन केलं आणि त्यानंतर दिवसभर काही बोलला नाही.

ओर्तांस बसकण घेऊन दूध काढू लागली. झेफिरीन तिच्या अगदी डोक्यावर उभी राहिली.

"उजेड अडवू नकोस."

"हात बघतेय तुमचे. त्यासाठीच आणलंय मला." थोड्या वेळानं ती म्हणाली, "एवढंच देते?"

"आटत आल्यात. मार्चात व्यायल्यात सगळ्या."

"आणि झूल?"

"माझ्या सासूनं कधी गाईवर झूल घातली नाही."

"सासूबाईंनी आपल्यावरही कधी शाल घातली नाही. म्हणून काय गारठून मरायचं?" झेफिरीननं एका गाईच्या पाठीवर तळवा ठेवला. "ही थरथरतेय, जाऊबाई."

"तुझ्या हाताला घाबरली असेल."

पोतिए मफलरमध्ये शिंकले.

दूधघर दगडी होतं, पायऱ्या उतरून खाली. मातीच्या भांड्यांमध्ये दूध साय धरायला ठेवलं, तेव्हा झेफिरीननं एकूण एक भांडं हुंगलं, पिंपात डोकं घालून पाहिलं, कपाटाच्या मागे हात घातला, ओर्तांसला बाह्या वर करायला लावल्या. पोतिएंनी दाराला मेणाची मोहोर लावली. दुसऱ्या दिवशी सगळे परत आले, मोहोर तोडली, साय पिंपात पडली आणि आर्सेननं दांडा धरला.

झेफिरीन आत आली नाही. उंबऱ्यावर उभी राहिली आणि दोन्ही हात शालीखाली छातीशी घेतले.

"हात लाव," ओर्तांस म्हणाली.

"कशाला?"

"तुला माहीत आहे कशाला. दोन फेरे दे आणि मग उभी राहा काय ते."

"नाही लावत." झेफिरीन हसली, त्या हसण्यात गोडवा औषधालाही नव्हता. "मी साक्षीदार. मालाला हात लावला तर लोक म्हणतील, धाकटीनंच काही टाकलं. बरोबर ना, मस्यू?"

"अगदी बरोबर," पोतिए म्हणाले. त्यांना काहीच कळलं नव्हतं.

पिंप फिरू लागलं. आत साय आपटत होती, पातळ आवाजात. आर्सेन दमला, ओर्तांसनं दांडा घेतला. ती दमली, आर्सेननं घेतला. झाकण उघडलं. फेस. पुन्हा फिरवलं. पुन्हा उघडलं. फेस.

ओर्तांसच्या मानेवर घाम आला होता. तिनं उंबऱ्याकडे पाहायचं नाही असं ठरवलं आणि पाहिलं. झेफिरीनचे हात तिथेच होते, शालीखाली, दिसत नसलेले. चर्चच्या पायऱ्यांवर तिनं जे वाक्य उच्चारलं होतं ते आत्ता तिच्या टाळ्याला येऊन चिकटलं होतं. लोणी आलं नाही, तर ते पुन्हा म्हणता येईल. पण मग साक्ष नाही, परीक्षा नाही, रांगेतली जागा नाही. चोर ती असली तर मी भेसळवाली. दोघी एकदम सुटायच्या नाहीतर एकदम बुडायच्या.

"बोला ना," झेफिरीन हळूच म्हणाली. "जिभेवर आलंय, दिसतंय मला."

"वेळ लागतोय," ओर्तांस दात चावून म्हणाली.

"लागणारच," पोतिए घड्याळ खिशात ठेवत म्हणाले. "आटत आलेल्या गाईची साय आळसट असते. त्यात हे असं गोठणं. ब्युटिरीनही अशाच वेळी उतरतं, म्हणतात."

"दर हिवाळ्यात?" झेफिरीननं विचारलं.

"गाई वसंतात विणाऱ्या असतील आणि थंडीत बाहेर असतील, तर दर हिवाळ्यात."

"पुष्कळ वर्षांपूर्वीच्या हिवाळ्यातही?"

"गाय ती गायच, मादाम."

"मस्यू," ओर्तांस म्हणाली, "तुमच्या बाटलीला बूच लावा, धूळ जाईल."

तेवढ्यात आवाज बदलला. पातळ आपटणं थांबलं आणि जड, ओलं काहीतरी फळ्यांवर आदळू लागलं. आर्सेन थांबला. ओर्तांसनं झाकण काढलं. ताकात दाण्यादाण्याचं पिवळं लोणी तरंगत होतं.

झेफिरीननं शालीखालून दोन्ही हात बाहेर काढले, उलटेपालटे करून दाखवले, आणि पायऱ्या चढून निघून गेली.

*

बुधवारी बाजारात मस्यू पोतिएंनी सांगितलं: समोर काढलेल्या दुधाचं, समोर घुसळलेलं लोणी, ब्युटिरीन तेवढंच कमी.

"साक्षीदार?" ओव्रे म्हणाले.

झेफिरीन पुढे आली. घाई केली नाही. नाक शिंकरलं, रुमाल घडी करून खिशात घातला. ओर्तांस भिंतीजवळच्या आपल्या टोपलीशी उभी होती. ही बाई आता खोटं बोलली तर आपल्याला म्हणायला काही जागा नाही, हे तिला स्वच्छ दिसत होतं. तिच्या जागी आपण असतो तर काय केलं असतं, हेही दिसत होतं.

"काही मिसळलं नाही," झेफिरीन म्हणाली. "मी तिच्या हातांवरून नजर हलवली नाही. लोणी सचोटीचं आहे. ती स्वतः तशी नाही, पण तो प्रश्न नाही. गाई बर्फात उभ्या करते, तोरा म्हणून. कंजूष आहे, निर्दय आहे. भेसळ करत नाही."

बाजार खदखदून हसला. ओर्तांसचा चेहरा लाल झाला, पण ओव्रेंचा हात सळईकडे गेला होता आणि तिनं श्वास सोडला.

आणि तेव्हाच मेलानी म्हणाली, "पण कुणाची साक्ष? हिची? अहो, जी बाई दारातून लोणी पळवते, तिनं ब्युटिरीन नाही पळवलं कशावरून? पूर्वी गोळाच न्यायची, आता त्यातलं सत्त्व नेते!"

"तरीच!" कुणीतरी ओरडलं. "म्हणूनच हिचं भरपूर भरतं!"

"बीट कसलं, शेजारणीचं ब्युटिरीन!"

हसण्याचा सूर पाहता पाहता बदलला. दोन बायकांनी छातीवर क्रूस केला. ओव्रेंनी सळई खाली केली. "मी असल्या गोष्टी मानत नाही," ते म्हणाले, "पण मला सगळ्या बाजारानं मानलेली साक्ष हवी. बाजार जिला चोर म्हणतो तिची मी कशी पुढे करू?"

झेफिरीननं शाल सावरली. तिला याची सवय होती. ती ओर्तांसकडे वळली आणि नुसती पाहत राहिली.

ओर्तांसला पळता आलं असतं. टोपली उचलायची, घरी जायचं, आर्सेनला लोणी खाऊ घालायचं. तिनं टोपलीच्या कडीला हातही घातला. मग कडी सोडली.

"तिनं काही नेलं नाही," ती म्हणाली.

"काय?" मागून कुणीतरी.

"दारात हात बांधून उभी होती. हात लावला नाही दांड्याला. मी सांगितलं तरी लावला नाही, आडमुठी आहे. आणि लोणी आलं. उशिरा आलं, पण आलं."

"आणि त्या वर्षी?" झेफिरीन म्हणाली.

"त्या वर्षीही गाई आटलेल्या होत्या."

"मोठ्यानं, जाऊबाई. चर्चच्या पायऱ्यांवर तुमचा आवाज पार कबरस्तानापर्यंत गेला होता."

"त्या वर्षीही गाई आटलेल्या होत्या!" ओर्तांस ओरडली, इतकी की नळावरची कबुतरं उडाली. "थंडी होती! लोणी कुणी नेलं नव्हतं! ही बाई लोणी चोरेल एवढी अक्कल हिला देवानं दिलेली नाही! मी बोलले ते खोटं बोलले. झालं? आता घ्या माझा गोळा!"

ओव्रेंनी घाईघाईनं सळई खुपसली, हुंगली, चाखलं. गिळलं.

मग बाजाराला कंठ फुटला. "आम्हाला तेव्हाच वाटलं होतं," एक म्हातारी म्हणाली. "मोठीचं तोंडच तसलं." "बिचारी धाकटी!" "आणि त्या पोरीचं लग्न मोडलं हो!" मेलानी मान हलवत म्हणाली, "काय काय बोलतात माणसं! मी तर कधी विश्वास ठेवला नाही."

"नाही ना?" झेफिरीन तिच्याकडे वळली. "छान. तुझी घुसळण कधी असते, मेलानी? शुक्रवारी? मी येते शुक्रवारी."

मेलानी एक पाऊल मागे सरली. "शुक्रवारी... शुक्रवारी आमच्याकडे डुक्कर कापायचंय."

"आणि तुझ्याकडे, आजी?"

म्हातारीला टोपलीवरचं कापड नीट करायचं होतं. रांगभर सगळ्यांनाच कापडं नीट करायची होती.

ओर्तांस हे बघत होती. तिच्या एका वाक्यावर ज्यांनी इतकी वर्षं दारं लावली, त्यांनी ते वाक्य आत्ता तिच्या अंगावर फेकून दिलं होतं आणि दारं मात्र लावलेलीच ठेवली होती. अशी चीड तिला झेफिरीनचीही कधी आली नव्हती.

"शनिवारी माझ्याकडे ये," ती म्हणाली. "घुसळण आहे. आणि हात लावू नकोस. मळके असतात तुझे."

झेफिरीननं तिला खालून वर न्याहाळलं.

"नाही येत," ती म्हणाली. "तुमच्या दूधघरात हाडं गोठतात. आणि मला मीठ मागायचं होतं तेव्हा येऊन गेले मी."

तिनं टोपली काखेत मारली आणि रस्त्याला लागली. लाकडी बुटांचा आवाज पुलापर्यंत ऐकू येत होता. ओर्तांसनं आपली टोपली भिंतीपासून ओढत रांगेत आणली. मेलानीनं तिच्यासाठी जागा केली होती, हसून.

"सरक आणखी," ओर्तांस म्हणाली. "अजून. त्या गटाराच्या पलीकडे."